दिवसांची बेरीज

सरकारी कचेऱ्यांच्या भाषेंत कांहीं शब्दप्रयोग असे असतात, कीं ते रोज कानांवर पडतात म्हणूनच त्यांतील विसंगति कोणाच्या लक्षांत येत नाहीं. ‘वीस वर्षांचा रोजंदार’ हा त्यांपैकींच एक होय. रोजंदार म्हणजे रोजच्या मोलानें काम करणारा. सकाळीं ज्याला बोलवावें आणि सायंकाळीं मजुरी हातावर ठेवून ज्याच्याशीं असलेला संबंध संपवावा, असा मनुष्य. आणि वीस वर्षें म्हणजे मनुष्याच्या अंगांतील जोमाचा बहुतेक सगळा काळ. हे दोन शब्द एकाच मनुष्याला एकाच वेळीं लावतां येतात हें आश्चर्य आहे. ते हजारों मनुष्यांना लावतां येतात ही लज्जेची गोष्ट आहे.

हीं माणसें आपण सर्वांनीं पाहिलेलीं आहेत. रस्त्याच्या कडेचें गवत काढणारा आणि खड्डे बुजवणारा रोजंदारीवरचा मैलकुली, कालव्यावरचा चौकीदार, वनखात्याच्या रोपवाटिकेंत पिशव्यांतून माती भरणारी बाई, दवाखान्याची फरशी पुसणारा सफाईकामगार, हीं सारीं त्यांतलींच. यांचें काम तात्पुरतें नाहीं. रस्ता आज आहे आणि उद्यां नाहीं असें होत नाहीं. कालव्याला दरसाल पाणी येतें. दवाखान्याची फरशी रोज मळते. काम कायमचें, खातें कायमचें, कामावर देखरेख करणारा अधिकारी कायमचा. तात्पुरता काय तो प्रत्यक्ष काम करणारा मनुष्य! या मनुष्याच्या बाबतींत एक साधा, परंतु उत्तर द्यावयास कठीण असा नैतिक प्रश्न उत्पन्न होतो. वीस वर्षांत त्यानें भरलेले सहा हजार दिवस हे सहा हजार निरनिराळे सौदे आहेत, कीं त्यांची कांहीं बेरीज होते? आणि होत असेल, तर त्या बेरजेला हक्क म्हणावयाचें कीं मेहेरबानी?

पहिल्या पक्षाचें म्हणणें सरळ आहे. करार एका दिवसाचा होता, त्या दिवसाची मजुरी चुकती केली, देणें फिटलें. एकाच माळिणीकडून वीस वर्षें भाजी घेतली म्हणून तिला आमच्या घरांत वांटा मिळत नाहीं. मग मजुरालाच तो कां मिळावा? हा दृष्टांत वरवर बिनतोड दिसतो. परंतु माळीण जो माल विकते तो तिच्या शरीराहून निराळा असतो, आणि आमच्या दारांतून ती दहा दारीं जाऊं शकते. मजूर जें विकतो तें त्याचें आयुष्य असतें, आणि ज्या दिवशीं तो एका दारीं राबतो त्या दिवशीं त्याला दुसरें दार बंद असतें. शिवाय येथें गिऱ्हाईक साधें नाहीं. सरकारी नोकरीला वयाची मर्यादा असते, आणि ती मर्यादा सरकारच घालतें. विशीच्या उमेदीनें जो मनुष्य सरकारी कामावर हजेरी लावूं लागला, तो ती लावतां लावतांच चाळिशी ओलांडतो, आणि मग त्याच सरकारच्या दुसऱ्या टेबलावरून त्याला सांगण्यांत येतें, कीं तुझें वय उलटून गेलें आहे! तें वय कोणाच्या कामांत उलटलें हें विचारण्याची सोय त्या टेबलावर नसते. दिवसाची मजुरी हें त्या दिवसाच्या श्रमाचें मोल झालें. गेलेल्या वयाचें मोल कोणत्याहि दिवशीं चुकतें केलेलें नसतें.

ही गोष्ट कायद्याला अगदींच दिसली नव्हती असें नाहीं. १९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्यानें बारा महिन्यांत २४० दिवस काम केलेल्या कामगाराची एक वर्षाची अखंड सेवा धरली, आणि अशा मनुष्यास काढावयाचें झाल्यास सूचना व भरपाई दिली पाहिजे असें ठरविलें. त्या कायद्याची जागा आतां २०२० च्या औद्योगिक संबंध संहितेनें घेतली आहे. परंतु या आंकड्याचें जें झालें तें बोधप्रद आहे. मनुष्याच्या रक्षणासाठीं घातलेली ही रेषा त्याला तिच्या अलीकडेच थोपविण्यासाठीं वापरली जाऊं लागली. दोनशे चाळीस दिवस भरण्याच्या आधींच कांहीं दिवस त्याचें नांव हजेरीपत्रकावर चढत नाहीं. मग तें पुन्हां चढतें. यालाच कचेरीच्या भाषेंत ‘खंड’ म्हणतात. कधीं मधल्या काळांत तो मनुष्य घरीं बसतो. कधीं तो कामावरच असतो आणि त्याची मजुरी दुसऱ्या नांवावर निघते. काम थांबलेलें नसतें, गरज संपलेली नसते. संपतें तें फक्त कागदावरचें नांव.

आमच्या मतें या प्रश्नांतील मूळ पाप येथें आहे. रोजंदारीवर मनुष्य लावणें हें पाप नव्हे. पुराच्या वेळीं, दुष्काळांत, एखाद्या बांधकामाच्या हंगामांत तसें करावेंच लागतें. पाप आहे तें दिवसांची बेरीज होऊं नये अशी युक्ति योजण्यांत. खंड म्हणजे हिशेबाच्या वहींत लिहिलेलें असत्य होय, आणि तें असत्य ज्याला वही वाचतां येत नाहीं अशाविरुद्ध लिहिलेलें असतें. एखाद्या सावकारानें कुळाच्या भरण्याच्या नोंदी मधूनमधून गाळल्या तर आपण त्याला काय म्हणतों, हें निराळें सांगावयास नको.

बेरीज मान्य केली, कीं ज्येष्ठतेचा प्रश्न ओघानेंच येतो. कारण जागा थोड्या आणि माणसें पुष्कळ, तेव्हां आधीं कोणाला घ्यावें आणि काढण्याची वेळ आल्यास आधीं कोणाला काढावें, हें ठरविलें पाहिजे. सुशिक्षितांना ज्येष्ठतेविषयीं फारसें प्रेम नसतें. नुसते केस पांढरे झाले म्हणून मान कां द्यावा, गुण पाहून कां देऊं नये, हा त्यांचा आक्षेप. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायांत ज्येष्ठत्वाची एक वांटणी सांगितली आहे: ब्राह्मणाचें ज्येष्ठत्व ज्ञानानें, क्षत्रियाचें पराक्रमानें, वैश्याचें धनधान्यानें आणि शूद्राचें केवळ जन्मानें, म्हणजे वयानें. हातानें राबणाऱ्याच्या ठिकाणीं वयावांचून मोजण्याजोगें कांहीं असूं शकतें, हेंच त्या वांटणीला मान्य नव्हतें, आणि म्हणून ती आपण टाकून दिली. परंतु नवल असें, कीं जी गणना मनूनेंहि त्याला नाकारली नाहीं, ती वर्षांची गणना प्रजासत्ताकाच्या कचेरींत त्याला मागून मिळवावी लागते.

ज्येष्ठतेचे दोष आम्ही नाकबूल करीत नाहीं. जेथें बुद्धीचें किंवा कौशल्याचें काम आहे, तेथें नुसत्या ज्येष्ठतेवर बढत्या दिल्यास कचेरीला झोंप लागते. परंतु खालच्या पायरीवरची गोष्ट निराळी आहे. तेथें गुण मोजणारा कोण? मुकादम किंवा हजेरी लिहिणारा. त्यानें ठरविलेली योग्यता म्हणजे बहुधा त्याची मर्जी. आणि मर्जीची किंमत गरिबाला कशी मोजावी लागते, हें सर्वांस माहीत आहे. भिंतीवर लावलेली, कामाला लागल्याच्या तारखांची यादी ही अशा वेळीं दुबळ्याची ढाल असते. यादीला तोंडओळख नसते, जात नसते. पुढाऱ्याची चिठ्ठी तिला वाचतां येत नाहीं. शेवटीं आलेला आधीं जावा, हा १९४७ च्या कायद्यांतील नियम याच बुद्धीचा होता. तो नियम ओबडधोबड असेल, परंतु ज्याच्याजवळ दुसरें कांहीं नाहीं त्याच्याजवळ निदान तारीख असते, हें त्यानें ओळखलें होतें.

येथें कोणी बायबलांतील द्राक्षमळ्याची कथा पुढें करील. धनी पहांटे मजूर लावतो, दुपारीं आणखी लावतो, दिवस मावळावयास एक तास उरला असतां आणखी लावतो, आणि सायंकाळीं सर्वांना एकच नाणें देतो. पहांटेपासून राबलेले कुरकुरतात, तेव्हां तो त्यांना गप्प बसवितो. याच कथेंतील शब्द घेऊन रस्किननें १८६० सालीं आपले अर्थशास्त्रावरचे निबंध लिहिले. १९०४ सालीं ते आफ्रिकेंत आगगाडीच्या प्रवासांत गांधीजींच्या वाचनांत आले, आणि पुढें त्यांचें सार त्यांनीं ‘सर्वोदय’ या नांवानें गुजरातींत दिलें. शेवटच्यालाहि पहिल्याइतकेंच द्या, असें जर हे थोर पुरुष म्हणतात, तर आधीं आलेल्याचा अधिक हक्क कोठें राहिला? परंतु कथा नीट पाहावी. धन्यानें शेवटच्याला पूर्ण दिलें, कारण त्याचेंहि पोट पूर्ण दिवसाचें होतें. पहिल्याचें कांहीं कमी केलें नाहीं. आणि कथा त्याच सायंकाळीं संपते. तेच मजूर वीस वर्षें त्याच मळ्यांत आले असते, आणि दर सकाळीं धन्यानें ‘तूं कोण? मी तुला ओळखत नाहीं’ असें म्हटलें असतें, तर त्या कथेचा बोध काय झाला असता? औदार्य हें ओळख नाकारून करतां येत नाहीं.

आतां दुसऱ्या बाजूकडे वळलें पाहिजे; कारण या प्रश्नांत अन्याय एकाच बाजूला असता, तर त्याची चर्चा करण्याचें कारण पडलें नसतें. कचेरीच्या दाराबाहेर आणखी एक मनुष्य उभा आहे. तो खेड्यांतून आलेला, परीक्षा दिलेला, जाहिरातीची वाट पाहणारा तरुण आहे. जी जागा जाहिरात न देतां, मुलाखत न घेतां, कोणाच्या तरी ओळखीनें रोजंदारीवर भरली, ती त्याला कधीं दिसलीच नाहीं. दहा वर्षांनीं त्या जागेवरचा मनुष्य कायम झाला, म्हणजे या तरुणाचा घांस नुसता हिरावला गेला नाहीं, तर हिरावणें कायदेशीर झालें! राज्यघटनेनें सरकारी नोकरींत सर्वांना समान संधि दिली आहे, ती या तरुणालाहि दिलेली आहे. १० एप्रिल २००६ रोजीं सर्वोच्च न्यायालयाच्या पांच न्यायाधीशांच्या पीठानें, कर्नाटकांतून आलेल्या एका प्रकरणांत, या तरुणाची बाजू उचलून धरली. नियम डावलून लागलेल्या मनुष्याला केवळ दीर्घकाळ राबल्यामुळें कायम होण्याचा हक्क मिळत नाहीं, असें तो निर्णय सांगतो. तथापि, मंजूर व रिकाम्या जागेवर असलेले, पात्रता असलेले, आणि न्यायालयाच्या हुकमाच्या आधाराशिवाय दहा वर्षें राबलेले जे लोक असतील, त्यांना सरकारांनीं एक वेळची बाब म्हणून नियमित करावें, अशी सोयहि त्यांत होती.

या निर्णयाला निर्दय म्हणणें सोपें आहे, पण न्याय्य नव्हे. त्यामागें खरें तत्त्व उभें आहे. ॲरिस्टॉटलनें आपल्या नीतिशास्त्राच्या पांचव्या खंडांत न्यायाचे दोन प्रकार सांगितले आहेत. एक वांटपाचा, मान, धन, अधिकार हीं समाजांत कोणाला किती द्यावींत हें तो ठरवितो. दुसरा भरपाईचा, एकाचें दुसऱ्यानें नुकसान केलें असतां तो फक्त नुकसान पाहतो, मनुष्य कोणत्या योग्यतेचा आहे हें पाहत नाहीं. बाहेर उभा असलेला तरुण पहिला न्याय मागतो. आंत राबलेला रोजंदार दुसरा. एकाच दारांत हे दोन न्याय समोरासमोर आले म्हणून आपणांस वाटतें, कीं एकाला दिल्यास दुसऱ्याचें जातें. पण दोघांचा ऋणको कोण, हें पाहावें. तरुणाला जाहिरात न देणारें सरकारच, आणि रोजंदाराच्या वर्षांवर बोळा फिरविणारेंहि सरकारच. दोघांचें देणें ज्याच्याकडे आहे, तो दोघांना एकमेकांशीं भांडावयास लावून स्वतः मध्यस्थाच्या आसनावर बसला आहे, हें या कलहाचें खरें स्वरूप होय.

म्हणून आमचें उत्तर असें आहे. तरुणाचा हक्क रोजंदाराच्या पोटावर पाय देऊन भागवूं नये, आणि रोजंदाराचें देणें तरुणाच्या खात्यांतून फेडूं नये. पुढच्या सर्व जागा उघड जाहिरातीनें भराव्या. आणि मागचें जें देणें झालें आहे, तें पहिल्या दिवसापासूनच्या खऱ्या हजेरीप्रमाणें मोजून द्यावें. त्यांत कोणी चिठ्ठीनें शिरलेला असेल. त्याचें शिरणें खोटें होतें, पण त्याचा घाम खोटा नव्हता. आणि शिरण्याचा दोष एकट्या त्याच्यावर लादतांना चिठ्ठी लिहिणारा हात व ती स्वीकारणारा हात मोकळे सोडणें हा न्याय नव्हे. यानें कांहीं जागा तरुणांच्या हातून जातील, हें आम्ही झांकून ठेवीत नाहीं. ही झीज आहे. परंतु ती एकदां सोसावयाची आहे, आणि पुन्हां सोसावी लागूं नये अशी व्यवस्था करणें शक्य आहे. उलट रोजंदाराचें गेलेलें आयुष्य पुन्हां जाहिरात देऊन भरून काढतां येत नाहीं.

महाराष्ट्राला या प्रश्नाचें नवल नसावें. जुन्या गांवगाड्यांत मिरासी आणि उपरी असे दोन प्रकारचे शेतकरी होते. मिराशीचा जमिनीवर पिढीजाद हक्क. उपरी दुसऱ्याच्या मर्जीनें कसणारा. एकाच शिवारांत, एकाच पावसांत दोघे नांगर धरीत, पण एकाच्या पायाखालची जमीन त्याची होती. आमचीं सरकारी खातीं आज मिरासी आणि उपरी यांनींच भरलेलीं आहेत. हा भेद कमी करण्याचे प्रयत्नहि येथें झाले. १९६७ च्या कालेलकर करारानें बांधकाम व पाटबंधारे या खात्यांतील रोजंदार मनुष्याला, पांच वर्षें सलग काम केल्यावर, ‘रूपांतरित नियमित अस्थायी आस्थापने’वर घेण्याची वाट पाडली. नांवांतच नियमित आणि अस्थायी हे दोन शब्द शेजारीं बसविलेले पाहून हंसूं येतें. तरी या वाटेनें अनेक घरांत चूल निश्चिंतपणें पेटली असेल. १९७१ च्या महाराष्ट्र कायद्यानें, मनुष्याला कायम नोकराचे हक्क मिळूं नयेत या हेतूनें वर्षानुवर्षें बदली किंवा तात्पुरता म्हणून राबविणें, या गोष्टीला अनुचित कामगार प्रथा असें स्पष्ट नांव दिलें. त्याच कायद्याच्या आधारें पुण्याजवळच्या पाचगांव-पर्वतीच्या टेकडीवर वनखात्याच्या योजनेंत राबणाऱ्या मजुरांनीं दाद मागितली. १९९५ च्या डिसेंबरांत सर्वोच्च न्यायालयानें त्यांच्या बाजूनें निकाल दिला, आणि इतकीं वर्षें मनुष्याला तात्पुरता ठेवणें यावरूनच हेतु उघड होतो असें मानलें. २००६ च्या निर्णयानंतर हा कायदा निर्बळ झाला, अशी हाकाटी झाली. परंतु २००९ सालीं, राज्य परिवहनाच्या गाड्या स्वच्छ करणाऱ्या कामगारांच्या प्रकरणांत, औद्योगिक न्यायालयांचा तो अधिकार शाबूत असल्याचें त्याच न्यायालयानें सांगितलें.

एवढें झाल्यावरहि एक सूक्ष्म अन्याय उरतो, तो तारखेचा. कायम केलें, पण कोणत्या दिवसापासून? महाराष्ट्रांतील अभियंत्यांच्या ज्येष्ठतेचा वाद १९७७ सालीं एकदां आणि १९९० सालीं पुन्हां सर्वोच्च न्यायालयांत गेला, आणि नियमानुसार झालेली नेमणूक असल्यास ज्येष्ठता नेमणुकीच्या दिवसापासून मोजावी, कायम केल्याच्या दिवसापासून नव्हे, असें तत्त्व स्थिर झालें. मात्र नियमाबाहेरची, निव्वळ तात्पुरत्या सोयीची नेमणूक त्या गणनेंत धरली जात नाहीं. अभियंत्यांना आपला वाद इतका दूर नेतां आला; मैलकुल्याचें काय? समजा, दोघे जण १९९५ सालीं एकाच दिवशीं कामाला लागले. एकाचें नांव कायमच्या यादींत २००४ सालीं आलें, दुसऱ्याचें कारकुनाच्या दिरंगाईनें २००६ सालीं. १ नोव्हेंबर २००५ पासून सेवेंत येणाऱ्यांना राज्य सरकारनें जुन्या निवृत्तिवेतनाऐवजीं अंशदानाची योजना लागू केली. म्हणजे राबले दोघेहि सारखे. पण एकाच्या म्हातारपणाला आधार एका प्रकारचा, दुसऱ्याच्या दुसऱ्या प्रकारचा. आणि मध्यें उभा काय, तर फायलीचा एक प्रवास! ज्येष्ठतेची तारीख ही मानापमानाची बाब नाहीं. ती म्हातारपणच्या भाकरीची बाब आहे.

डिसेंबर २०२४ मध्यें सर्वोच्च न्यायालयानें केंद्रीय जल आयोगाच्या कचेरींत दीर्घकाळ झाडलोट व बागकाम करणाऱ्यांना नियमित करण्याचा हुकूम दिला, आणि २००६ चा निर्णय हा राबणाऱ्यांविरुद्ध वापरावयाचें हत्यार नव्हे, अशा आशयाची समज दिली. हें समाधानाचें आहे. परंतु तोंवर दुसरी युक्ति रूढ झालेली आहे. आतां हजेरीपत्रकच सरकारी कचेरींतून उठून ठेकेदाराच्या घरीं गेलें आहे. पूर्वीं खंड लिहावा लागे. आतां ठेकेदार बदलला कीं खंड आपोआप पडतो, आणि झाडणारा हात मात्र तोच राहतो. खोटें लिहिण्याचे श्रमहि वांचले.

ही चर्चा सरकारला दोष देऊन संपविणें वाचकांना सोयीचें वाटेल, आणि म्हणूनच आम्ही ती तेथें संपवूं इच्छीत नाहीं. सरकार हें आपल्याच संवयींचें मोठें रूप असतें. आपल्या घरीं जी बाई पंधरा वर्षें भांडीं घांसते, तिच्या गैरहजेरीचे दिवस आपल्या भिंतीवरच्या दिनदर्शिकेंत काळजीपूर्वक टिपलेले असतात. ती कामाला कोणत्या वर्षीं लागली, हें मात्र घरांतल्या कोणालाच नक्की आठवत नाहीं. खंडाची वही प्रथम येथें उघडते. ज्या समाजाला न आलेले दिवस मोजतां येतात आणि आलेलीं वर्षें मोजतां येत नाहींत, त्याचें सरकार निराळें कसें असणार?

मनुष्याला मजुरी देणें हा व्यवहार आहे. त्याचे दिवस मोजणें ही त्याची ओळख आहे. वीस वर्षें राबलेला मनुष्य कायम नेमणूक मागतो, तेव्हां तो बक्षीस मागत नसतो. त्याची मागणी एवढीच असते, कीं काल येथें जो होता तोच मी आज आलों आहें, हें आपण कबूल करावें. हें कबूल करावयास खर्च येतो हें खरें. परंतु तो खर्च आपण फार पूर्वींच केलेला आहे, फक्त दुसऱ्याच्या आयुष्यांतून.